सार्वजनिक उपद्रव आणि हाकिमाचा हुकूम

मराठीत ‘उपसर्ग’ या शब्दाचे दोन अर्थ आहेत. व्याकरणात तो शब्दाच्या आरंभी लागतो आणि ‘हार’ या निरुपद्रवी शब्दाचा क्षणात ‘प्रहार’ किंवा ‘संहार’ करून टाकतो. व्यवहारात उपसर्ग म्हणजे न बोलावता मागे लागलेला त्रास; तोही असाच बिऱ्हाडाच्या दाराशी येऊन चिकटतो आणि राहत्या घराचा अर्थ पालटून टाकतो. शेजारच्या कारखान्याचा धूर, वाटेत घातलेला कठडा, तुंबलेले गटार, मध्यरात्रीपर्यंत गर्जणारा कर्णा ही सारी या दुसऱ्या जातीच्या उपसर्गाची रूपे होत. कायद्याने मात्र यासाठी ‘उपद्रव’ हा शब्द पत्करला आणि त्याचे दोन भाग पाडले. एकट्यादुकट्याला होणारा तो खाजगी उपद्रव, त्याचा कज्जा दिवाणीत. आळीला, पेठेला, गावाला मिळून होणारा तो सार्वजनिक उपद्रव, त्याची दाद फौजदारी हाकिमाकडे.

1862 साली अमलात आलेल्या भारतीय दंडसंहितेने सार्वजनिक उपद्रवाची जी व्याख्या केली, तीत एक वाक्य मोठे मार्मिक होते. एखाद्या कृत्यापासून कोणाची काही सोय किंवा फायदा होत असला, तरी तेवढ्याने उपद्रव क्षम्य ठरत नाही, असे ते वाक्य. गिरणीचा धूर गिरणीवाल्याच्या दृष्टीने भरभराटीची खूण असेल. खालच्या चाळीतील खोकणाऱ्या माणसाला त्याचे काय? परंतु व्याख्या जितकी करडी, तितकी शिक्षा सौम्य. अन्यत्र शिक्षा सांगितली नसेल तेथे दंड काय तो दोनशे रुपयांपर्यंत, आणि दीडशेहून अधिक वर्षे तो दोनशेच राहिला. 2024 साली भारतीय न्याय संहिता आली तेव्हा तो एक हजार झाला. साहजिकच उपद्रव खरोखर थांबवावयाचा तर दंडावर विसंबून भागत नसे. त्यासाठी ‘हे काढ, हे बंद कर, हे बुजव’ असा हुकूम करणारा कोणी अधिकारी लागे. आणि असा हुकूम करणाऱ्याच्या हुकमावर नजर कोणी ठेवावयाची, हा प्रश्न त्याच्या पाठोपाठ येई.

हा प्रश्न आज ठाण्याच्या खाडीपलीकडे नवी मुंबईत जितका निकडीचा आहे तितका क्वचितच कोठे असेल. 1970 साली सिडकोची स्थापना झाली आणि ठाणे, पनवेल, उरण या तालुक्यांतील पंचाण्णव गावांच्या भूमीवर आखीव शहर उभे राहू लागले. शहर आखीव खरे. पण आखणाऱ्यांच्या आधी तेथे आगरी-कोळ्यांची गावठाणे होती, ठाणे-बेलापूर पट्ट्यात रासायनिक कारखाने होते, पारसिकच्या डोंगरात खडी फोडली जात होती. कागदावर ज्यांच्यामध्ये रेघ ओढली होती, ती माणसे प्रत्यक्षात एकमेकांच्या भिंतीला भिंत लावून राहू लागली. तक्रारी येणे ओघानेच आले. बेलापूरच्या कोकण भवनात विभागीय आयुक्त, 1992 पासून कारभार पाहणारी महानगरपालिका, 1994 सालचे पोलीस आयुक्तालय, त्यांच्या जोडीला प्रांताधिकारी आणि तहसीलदार, असे हुकूम देऊ शकणारे हात पुष्कळ. त्या हातांना मनगटाशी धरणारा हात कसा निर्माण झाला, त्याचा इतिहास मात्र नवी मुंबईहून फार जुना आहे.

पेशवाईत पुण्याच्या कोतवालाकडे पेठांची राखण, रस्त्यांची झाडलोट, गस्त, वजने-मापे, भांडणतंटे अशी नाना कामे असत. उपद्रव ठरवणारा तोच आणि निवारणाराही तोच. न्यायाधीशाचे आसन निराळे होते, रामशास्त्री प्रभुण्यांसारख्यांनी ते भूषवलेही. पण कोतवालाच्या रोजच्या हुकमावर शास्त्र्यांनी फेरविचार करावा अशी बांधलेली वाट नव्हती. तिचा अभाव 1791 साली दिसला. पाहुणे म्हणून आलेल्या तैलंगी ब्राह्मणांना बागेतील फळे तोडल्याच्या आरोपावरून घाशीराम कोतवालाने एका कोंदट जागेत कोंडले, आणि त्यांतले कित्येक गुदमरून मेले. दाद मागण्याचा कागद नव्हता, म्हणून दाद जमावाने मागितली. पेशव्यांच्या वाड्यासमोर गर्दी उसळली, घाशीरामाला लोकांच्या हवाली करण्यात आले आणि लोकांनी त्याला दगडांनी ठेचून मारले. याला कोणी न्याय म्हणतात. वास्तविक एका बेछूट हुकमावर दुसऱ्या बेछूट हुकमाने केलेली ती कुरघोडी होती.

मुंबई बेटावरची कंपनीची राजवट या बाबतीत फार निराळी होती असे नाही. तेथे पोलीस सुपरिंटेंडेंट हा अधिकारी फटके मारवी, बेटाबाहेर हद्दपार करी, गोदीत सक्तीच्या कामाला जुंपी. या अधिकाराला मुळात आधार काय, हे विचारणारा माणूस भेटला तो सर जेम्स मॅकिंटॉश. हा 1804 पासून मुंबईच्या रेकॉर्डर कोर्टाचा न्यायाधीश होता. आजच्या एशियाटिक सोसायटीचे मूळ असलेली लिटररी सोसायटी त्यानेच स्थापन केली, म्हणून विद्येच्या इतिहासात त्याचे नाव राहिले आहे. पण नागरिकांच्या दृष्टीने त्याचे मोठे काम दुसरेच. 1811 साली त्याने सरकारला स्पष्ट कळवले की, ज्या नियमांवर हे फटके आणि ही हद्दपारी चालते, ते रीतीप्रमाणे न्यायालयात नोंदलेले नाहीत, तेव्हा त्यांना कायद्याचे बळ नाही. पुढच्याच वर्षी, 1812 च्या रेग्युलेशनाने मुंबईच्या पोलिसांची आणि मॅजिस्ट्रेटांची घडी नव्याने बसवावी लागली. सुपरिंटेंडेंट दुष्ट होता की सुष्ट, या वादात मॅकिंटॉश शिरला नाही. हुकूम कोणत्या आधारावर दिला एवढेच त्याने विचारले.

तरीही प्रजेला विचारून हुकूम काढण्याची सवय काही लागली नाही. 1832 च्या जूनमध्ये मुंबईत मोकाट कुत्री मारण्याची मोहीम चालू होती आणि कुत्र्यामागे आठ आण्यांचे बक्षीस होते. बक्षिसाच्या लोभाने शिपाई लोकांच्या अंगणात शिरू लागले. कुत्र्याला पवित्र मानणारे पारशी प्रथम खवळले, त्यांना इतर जातींचे लोक मिळाले, दुकाने बंद झाली, लष्कराकडे जाणारी रसद अडली, आणि शेवटी सैन्य रस्त्यावर आणावे लागले. पिसाळलेल्या कुत्र्याचा उपद्रव खरा होता, हे कोणी नाकारीत नव्हते. हुकमाआधी कोणाचे म्हणणे ऐकले गेले नव्हते, एवढेच. कुत्र्यांचा हा विषय मोठा चिवट आहे. 2025 च्या 11 ऑगस्टला दिल्लीतील भटक्या कुत्र्यांविषयी सर्वोच्च न्यायालयाच्या दोन न्यायाधीशांनी दिलेला आदेश त्याच महिन्याच्या 22 तारखेला तीन न्यायाधीशांनी बदलला. अकरा दिवसांत खुद्द न्यायालयाला स्वतःच्या आदेशाची फेरतपासणी करावीशी वाटली, तेथे शिपायाच्या आठ आण्यांची काय कथा!

पहिली फौजदारी प्रक्रिया संहिता 1861 सालची. पुढे 1872, 1882 आणि 1898 अशा तिच्या आवृत्त्या निघाल्या, आणि शेवटच्या दोन आवृत्त्यांत उपद्रवाचे प्रकरण ‘कलम 133’ या क्रमांकाने रूढ झाले. या कलमाची रचना समजून घेण्यासारखी आहे, कारण पुढील सारा वाद तिच्याभोवती फिरतो. सार्वजनिक वाट, नदी किंवा पाट यांतील अडथळा. लोकांच्या आरोग्यास किंवा स्वास्थ्यास बाधक असा धंदा अथवा मालाचा साठा. आग किंवा स्फोट होण्याजोगी गोष्ट. पडावयास आलेली भिंत वा झाड. कठडा नसलेली विहीर. धोकादायक जनावर: यांपैकी कशाविषयीही खबर मिळाली तर मॅजिस्ट्रेटाने हुकूम काढावा. पण तो हुकूम अंतिम नव्हे. तो सशर्त. ‘अमुक मुदतीत ही गोष्ट दूर कर, नाहीतर अमुक दिवशी माझ्यापुढे येऊन का दूर करू नये याचे कारण दाखव,’ असा त्याचा दुहेरी आकार. कारण दाखवावयास मनुष्य आला तर खटल्यातल्याप्रमाणे पुरावा घ्यावयाचा, आणि मगच हुकूम कायम करावयाचा किंवा मागे घ्यावयाचा.

1898 च्या संहितेत याला आणखी एक जोड होती, आणि आज ती बहुतेकांच्या विस्मरणात गेली आहे. हुकूम ज्याच्यावर निघाला त्याला मॅजिस्ट्रेटाकडून सुनावणी नको असेल, तर तो ज्यूरी मागू शकत असे. ज्यूरीत पाचांहून कमी नाहीत असे विषम संख्येचे लोक. त्यांचा प्रमुख आणि उरलेल्यांपैकी निम्मे मॅजिस्ट्रेटाने नेमावयाचे, बाकीचे निम्मे त्या माणसाने स्वतः. हुकूम वाजवी आणि योग्य आहे की नाही, हे त्यांनी सांगावयाचे. बहुमताने तो योग्य ठरला नाही, तर प्रकरण तेथेच मिटले. चिंचेच्या पारावर बसणाऱ्या पंचांनाच कोणी इंग्रजी पोशाख चढवला होता असे म्हणावयास हरकत नाही. गावची वाट खरोखर अडली आहे की नाही, हे पाच गावकऱ्यांना एका हाकिमाहून अधिक ठाऊक असावयाचे.

आता यातली खोच. त्याच कलमात एक पोटवाक्य होते: या कलमान्वये रीतसर केलेल्या हुकमाविषयी कोणत्याही दिवाणी न्यायालयात प्रश्न काढता येणार नाही. म्हणजे वाड्याचा मोठा दरवाजा बंद. ज्याची भिंत पाडली, ज्याची भट्टी विझवली, त्याने दिवाणीत जाऊन ‘हा हुकूम खोटा आहे’ असे म्हणावयाचे नाही. सरकारचा हेतू उघड होता. कॉलऱ्याचे गटार तुंबलेले असताना दहा वर्षे दिवाणी दावा चालू देणे परवडणारे नव्हते. परंतु त्या वाक्यात ‘रीतसर’ हे एक क्रियाविशेषण होते, आणि कायद्याच्या वाक्यात क्रियाविशेषण कधी शोभेसाठी येत नाही. हुकूम रीतसर असेल तर प्रश्न काढता येणार नाही. मग नोटीसच दिली नसेल तर? पुरावाच घेतला नसेल तर? या एका शब्दातून वकिलांनी आणि न्यायाधीशांनी पुष्कळ वाट काढली.

दुसरी वाट फौजदारी बाजूने होती. 14 ऑगस्ट 1862 रोजी मुंबईचे हायकोर्ट सुरू झाले, आणि खालच्या फौजदारी न्यायालयांचे दप्तर मागवून निर्णय बरोबर, कायदेशीर आणि योग्य आहे की नाही हे पाहण्याचा अधिकार हायकोर्टांना संहितेने दिला. यालाच रिव्हिजन अथवा पुनरीक्षण म्हणतात. अपील हा पक्षकाराचा हक्क असतो. पुनरीक्षण हा वरच्या न्यायालयाचा अधिकार असतो. मोठा दरवाजा बंद, पण दिंडी उघडी, असा हा प्रकार. या दिंडीतून जी प्रकरणे गेली त्यांतून काही नियम घट्ट झाले. दोन शेजाऱ्यांचे खाजगी वैर उपद्रवाचा वेष घेऊन आले तर ते कलम 133 खाली बसत नाही. पुरावा न घेता हुकूम कायम करता येत नाही. आणि वाट सार्वजनिक आहे हेच जर समोरचा मनुष्य नाकारीत असेल, तर मॅजिस्ट्रेटाने प्रथम त्या नाकारण्याची चौकशी करावी. त्यात तथ्य दिसले तर हात आवरावा आणि हक्काचा निकाल दिवाणी न्यायालयाला करू द्यावा. ही शेवटची गोष्ट 1923 च्या दुरुस्तीने संहितेत स्पष्ट शब्दांत घातली गेली.

1923 हे वर्ष आणखी एका कारणासाठी ध्यानात ठेवण्याजोगे आहे. कलम 133 च्या पुढे दहा घरे सोडून कलम 144 होते. त्याचा मथळाच ‘उपद्रवाच्या किंवा संकटाच्या तातडीच्या प्रसंगी’ असा. येथे सशर्त हुकूम नाही, ज्यूरी नाही. तातडी असेल तर समोरच्याला न ऐकताही हुकूम काढता येई, आणि तो साधारणतः दोन महिने चाले. मूळ कल्पना दंगा, मारामारी, रोगराई यांची. प्रत्यक्षात हे कलम सभाबंदीचे आणि भाषणबंदीचे हत्यार बनले. 1917 च्या एप्रिलमध्ये चंपारण सोडून जाण्याचा हुकूम गांधीजींवर बजावला गेला तो याच कलमाखाली. त्यांनी तो मानला नाही, कोर्टात उभे राहून तसे सांगितले, आणि सरकारनेच खटला काढून घेतला. त्यामुळे तो हुकूम योग्य होता की नाही याचा निकाल कोणत्याही वरिष्ठ न्यायालयाने दिला नाही. देतेही कसे? 1898 च्या संहितेने कलम 144 खालचे हुकूम पुनरीक्षणातून सरळ वगळले होते! जो हुकूम सर्वांत घाईने निघावयाचा, त्याच्यावरच नजर ठेवावयाची नाही, असा हा उफराटा बंदोबस्त. हायकोर्टे आपल्या सर्वसाधारण देखरेखीच्या अधिकाराचा आधार घेऊन क्वचित हात घालीत. पण ते आडवाटेने. 1923 च्या दुरुस्तीने हे वगळणारे पोटकलम काढून टाकले, आणि त्या दिवसापासून दिंडी 144 च्या हुकमांनाही उघडी झाली.

नजर नसलेला हुकूम काय करू शकतो, हे महाराष्ट्राने त्यापूर्वीच पाहिले होते. मुंबईत 1896 साली ग्रंथिक सन्निपात सुरू झाला आणि 4 फेब्रुवारी 1897 रोजी साथीच्या रोगांचा कायदा पास झाला. त्याच्या चौथ्या कलमात म्हटले होते की, या कायद्याखाली सद्धेतूने केलेल्या कोणत्याही गोष्टीबद्दल कोणावरही दावा किंवा कार्यवाही चालणार नाही. पुण्यात प्लेग कमिटीचा प्रमुख म्हणून रँड आला, गोरे सोल्जर घरोघर शिरले, देवघरे आणि माजघरे तपासली गेली, सामान रस्त्यावर आले. साथ खोटी नव्हती. मरणारी माणसे खरी होती, आणि रोग्याला वेगळे ठेवण्याची निकडही खरी होती. पण ज्याच्या घराची विटंबना झाली त्याला जावयास जागा नव्हती. अर्ज करावयाचा तो त्याच कमिटीकडे. 22 जून 1897 च्या रात्री गणेशखिंडीच्या रस्त्यावर जे घडले त्याचे समर्थन येथे करावयाचे नाही. मात्र दाद मागण्याची सारी दारे लावून घेतलेल्या शहरात ते घडले, ही नोंद इतिहासाने ठेवलीच पाहिजे. तोच कायदा 2020 च्या साथीतही वापरात होता.

स्वातंत्र्यानंतरच्या पहिल्या मोठ्या बदलाची चर्चा जितकी व्हावयास हवी तितकी झाली नाही. कलेक्टर, प्रांत, मामलेदार हेच सारा वसूल करीत आणि हेच मॅजिस्ट्रेट म्हणून न्यायासनावरही बसत. मुंबई राज्याने 1951 च्या कायद्याने न्याय आणि अंमल यांची फारकत केली. 1973 च्या नव्या संहितेने ती देशभर नेली. उपद्रवाचे हुकूम मात्र कार्यकारी मॅजिस्ट्रेटांकडे, म्हणजे जिल्हाधिकारी, प्रांत यांच्याकडेच ठेवले गेले. सत्र न्यायाधीशाला पूर्वी फक्त हायकोर्टाकडे शिफारस करून पाठवता येत असे. आता तो पुनरीक्षणात स्वतःच निर्णय देऊ लागला. दाद त्यामुळे मुंबईहून ठाण्याला आणि अलिबागला आली, हे उत्तमच झाले. परंतु त्याच 1973 च्या संहितेतून ज्यूरी गेली, ती कोणी हळहळल्याशिवाय गेली. तीत दोष असतील, पंच विकले जात असतील. तरी ज्याच्यावर हुकूम निघाला त्याला निम्मे पंच निवडण्याचा मान देणारी ती एकच तरतूद होती.

कलम 144 ची घटनेच्या कसोटीवर परीक्षा झाली ती नागपूरच्या निमित्ताने. 1956 च्या जानेवारीत तेथे गिरणी कामगारांचा तंटा पेटला होता, दोन संघटना एकमेकींसमोर उभ्या होत्या, आणि जिल्हा मॅजिस्ट्रेटाने 144 चा मनाई हुकूम काढला. बाबूलाल पराते यांनी सर्वोच्च न्यायालयात धाव घेतली आणि हे कलमच भाषणस्वातंत्र्याच्या व सभास्वातंत्र्याच्या विरुद्ध आहे असे म्हटले. निकाल 12 जानेवारी 1961 रोजी लागला. तो न्यायमूर्ती मुधोळकरांनी लिहिला. कलम वैध ठरले. पण कशाच्या बळावर ठरले, ते पाहावयास हवे. मॅजिस्ट्रेटाला कारणे लिहावी लागतात, ज्याला हुकूम लागू होतो तो हुकूम रद्द करण्यासाठी अर्ज करू शकतो, आणि हायकोर्टाला पुनरीक्षण करता येते, म्हणून. 1923 साली ते वगळणारे पोटकलम उडवले गेले नसते, तर हा तिसरा टेकू न्यायालयाला मिळाला नसता. अर्थात पाच वर्षांपूर्वीच्या दोन महिन्यांच्या हुकमाविषयी हा निकाल होता. नागपूरच्या कामगारांच्या पदरात त्यातून काय पडले, हे विचारू नये.

येथवर न्यायालय हाकिमाचा हात आवरताना दिसते. 1980 साली ते उलट बाजूने उभे राहिले. माळव्यातील रतलाम शहरात एका वॉर्डाच्या रहिवाशांनी तक्रार केली की, रस्त्याकडेची गटारे उघडी आहेत, मद्याच्या कारखान्याचे दुर्गंधी पाणी त्यांत येते, आणि झोपड्यांतील लोकांना संडास नसल्याने तेही रस्त्यावरच बसतात. प्रांताने कलम 133 खाली हुकूम काढला, आणि तो कोणा भट्टीवाल्यावर नव्हे, खुद्द नगरपालिकेवर: सहा महिन्यांत योजना करून उपद्रव दूर करा. पालिकेने सांगितले की पैसा नाही. सत्र न्यायाधीशाने हुकूम उडवला, हायकोर्टाने तो पुन्हा उभा केला, आणि 29 जुलै 1980 रोजी सर्वोच्च न्यायालयात न्यायमूर्ती कृष्ण अय्यर यांनी तो कायम केला. तिजोरी रिकामी आहे हे उत्तर, ज्या संस्थेचे कामच गटारे बांधण्याचे आहे तिला देता येणार नाही, असा त्या निकालाचा आशय. एका प्रांताचा, कनिष्ठ अधिकाऱ्याचा हुकूम. पण त्याने पुरावा घेतला होता, पालिकेला ऐकले होते, म्हणून तो तीन न्यायालयांच्या घाण्यातून निघूनही टिकला.

लगोलग मुंबईत त्याची दुसरी बाजू दिसली. 1981 च्या जुलैत, ऐन पावसाळ्यात, पदपथांवरील झोपड्या पाडून त्यांतील लोकांना त्यांच्या मूळ गावी पाठवण्याची घोषणा झाली. मुंबई महापालिकेच्या 1888 च्या कायद्यात कलम 314 होते. त्यान्वये रस्त्यावरील अतिक्रमण आयुक्ताला नोटीस न देता काढता येई. पत्रकार ओल्गा टेलिस आणि झोपडीवासी सर्वोच्च न्यायालयात गेले. 10 जुलै 1985 रोजी सरन्यायाधीश यशवंतराव चंद्रचूड यांनी पाच न्यायाधीशांच्या वतीने निकाल दिला. पदपथ चालण्यासाठी आहेत, त्यांवर घर बांधण्याचा हक्क कोणास नाही, हे त्यांनी मानले. पण पोट भरण्याचे साधन हिरावून घेणे म्हणजे जगण्याचाच हक्क हिरावणे, हेही त्यांनी मानले; आणि ‘नोटीस न देता’ या शब्दांचा अर्थ ‘नोटीस देऊच नये’ असा नाही, तो अधिकार अपवादापुरताच आहे, एरवी माणसाला ऐकलेच पाहिजे, असे सांगितले. गंमत अशी की, या खटल्यातील लोकांना पुन्हा ऐकण्याची गरज न्यायालयाला वाटली नाही, कारण न्यायालयानेच त्यांना सविस्तर ऐकले होते. पावसाळा संपेपर्यंत, म्हणजे 31 ऑक्टोबर 1985 पर्यंत, झोपड्यांना हात लावू नये एवढी सवलत मिळाली. तत्त्व जिंकले, झोपडी गेली.

नवी मुंबई महापालिकेचा कारभार ज्या 1949 च्या अधिनियमाखाली चालतो, त्याच्या 231 व्या कलमातही तेच ‘नोटीस न देता’ हे शब्द आहेत. म्हणून वाशीच्या किंवा तुर्भ्याच्या रस्त्यावरील हातगाडीचा प्रश्न निघाला की 1985 च्या निकालाची आठवण होणे क्रमप्राप्त आहे. 2014 च्या पथविक्रेता कायद्याने तर परवानाधारक विक्रेत्याला उठवण्यापूर्वी तीस दिवसांची नोटीस सक्तीची केली. कारखान्यांच्या बाबतीतही असाच एक धागा आहे. पाणी आणि हवा यांच्या प्रदूषणाचे स्वतंत्र कायदे आल्यावर प्रांताचा 133 चा अधिकार संपला काय, अशी शंका निघाली होती. मध्य प्रदेशातील एका प्रकरणात 2003 साली सर्वोच्च न्यायालयाने तो संपला नाही असे सांगितले. त्याआधी, 1995 साली, त्याच न्यायालयाने दुसऱ्या बाजूची मर्यादाही आखून दिली होती: उपद्रव प्रत्यक्ष चालू असला पाहिजे, निकड असली पाहिजे, आणि तो जनतेचा असला पाहिजे, पुढेमागे होईल या भयाने किंवा एकाच्या तक्रारीपायी हे कलम चालवता येणार नाही.

परंतु आजच्या नागरिकाला सर्वांत अधिक छळणारा उपद्रव हुकमाने होत नाही. तो हुकूम न निघाल्याने होतो. 2000 सालच्या ध्वनिप्रदूषण नियमांनी रात्री दहा ते सकाळी सहा ध्वनिक्षेपकांना आळा घातला, आणि बाकीच्या वेळीही परवान्याची अट घातली. तक्रार घेऊन कारवाई करावयाची ती नेमलेल्या अधिकाऱ्याने. मुंबई, ठाणे, नवी मुंबईसारख्या शहरांत ते काम पोलिसांवर पडते. कारवाई होत नव्हती. ठाण्यातील एका डॉक्टरांचा 2010 सालचा अर्ज मुंबई हायकोर्टात होता, रस्त्यांवरील मंडप आणि ध्वनिक्षेपक यांविषयीचा. नवी मुंबईतील एका रहिवाशाने माहिती अधिकारात विचारणा करून, आपल्या शहरातील प्रार्थनास्थळांवरचे कर्णे परवान्याविना वाजतात अशी याचिका केली. त्याची तक्रार मशिदींविषयी होती. न्यायमूर्ती अभय ओक आणि न्यायमूर्ती सय्यद यांनी ऑगस्ट 2016 मध्ये निकाल दिला तो मात्र कोणा एका धर्मापुरता ठेवला नाही. मंदिर असो, मशीद असो, चर्च असो, गुरुद्वारा असो. ध्वनिक्षेपक लावण्याचा मूलभूत हक्क कोणालाच नाही, परवान्याविना कोणालाच तो लावता येणार नाही, आणि रस्ता अडवून मंडप घालण्याची परवानगी पालिकांनी देऊ नये, असे त्यांनी ठरवले. एका शेजाऱ्याने दुसऱ्याकडे दाखवलेले बोट न्यायालयाने साऱ्या शहराकडे वळवले, हे फार चांगले केले. अन्यथा उपद्रवाचा कायदा वैराचे हत्यार व्हावयास वेळ लागत नाही.

निकाल लागला, पण कर्णे सर्वत्र थांबले नाहीत. 23 जानेवारी 2025 रोजी कुर्ल्याच्या नेहरूनगरमधील रहिवाशांच्या अर्जावर त्याच हायकोर्टाला पुन्हा सांगावे लागले की, ध्वनिक्षेपक हा कोणत्याही धर्माचा आवश्यक भाग नव्हे. पोलिसांनी प्रथम समज द्यावी, मग दंड करावा, मग ध्वनिक्षेपक जप्त करावा. तक्रारदाराचे नावही त्यांनी विचारू नये, कारण नाव फुटले की रात्रीच्या गोंगाटाची जागा दिवसाची धमकी घेते.

दरम्यान संहितेचे नाव बदलले. 1 जुलै 2024 पासून भारतीय नागरिक सुरक्षा संहिता अमलात आहे; 133 आता 152 झाले आहे, आणि 144 चे 163. क्रमांक शोधताना जुन्या वकिलांची काही काळ तारांबळ उडाली. कलम 152 उघडून पाहिले तर सशर्त हुकूम तोच आहे, कारण दाखवण्याची मुदत तीच आहे, आणि शेवटी ते पोटवाक्यही जसेच्या तसे आहे: रीतसर केलेल्या हुकमाविषयी कोणत्याही दिवाणी न्यायालयात प्रश्न काढता येणार नाही.